कॉमन लिस्पमध्ये कंपाइल होतानाच उत्तर कसे काढून ठेवावे?

१००० च्या आत १६८ मूळ संख्या आहेत. ही यादी कधीच बदलणार नाही, तरी प्रोग्राम सुरू झाला की दर वेळी ती नव्याने मोजत बसतो. कॉमन लिस्प या प्रोग्रामिंग भाषेत ती कंपाइल होतानाच, म्हणजे कोडचे यंत्राला चालवता येईल असे रूपांतर होतानाच, काढून ठेवता येते. (इथे आज्ञा उच्चाराप्रमाणे देवनागरीत दिल्या आहेत, फाइलमध्ये रोमन लिपीत लिहा.)

आधी मूळसंख्या नावाचे साधे फंक्शन लिहा: मर्यादा घ्यायची, तिच्याखालच्या मूळ संख्यांची यादी परत द्यायची. मग मॅक्रो, म्हणजे कंपाइल होताना चालून नवा कोड तयार करून देणारा तुकडा:

(डेफमॅक्रो आधीच (सूत्र)
  (लिस्ट 'क्वोट (इव्हॅल सूत्र)))

मॅक्रोला सूत्राचे उत्तर मिळत नाही, सूत्रच जसेच्या तसे मिळते. इव्हॅल ते तिथल्या तिथे चालवतो, आणि मॅक्रो जे परत देईल ते मूळ ओळीच्या जागी बसते. क्वोट विसरलात तर (२ ३ ५ ७ …) ही यादीच कोड समजली जाईल, आणि २ नावाचे फंक्शन कुठून आणायचे? कंपायलर चूक दाखवतो.

आता वापर:

(आधीच (मूळसंख्या १०००))

मॅक्रोएक्स्पांड-१ ने ही ओळ उलगडून पाहा. पूर्ण यादी दिसली की मॅक्रो बरोबर.

खरी अडचण पुढे येते. रेप्लमध्ये (ओळ टाइप करताच उत्तर देणाऱ्या खिडकीत) सगळे सुरळीत चालते, पण तीच फाइल ताज्या सत्रात कंपाइल-फाइलने कंपाइल केली की मूळसंख्या हे फंक्शन सापडत नाही. माझी एक अख्खी संध्याकाळ यात गेली. कारण एवढेच, की कंपाइल-फाइल डेफन (फंक्शनची व्याख्या) कंपाइल करून ठेवते, चालवत नाही. मॅक्रोला मात्र ते फंक्शन त्याच क्षणी हवे असते. म्हणून फंक्शनची व्याख्या यात … च्या जागी गुंडाळा, म्हणजे ती कंपाइल होतानाही चालेल:

(इव्हॅल-व्हेन (:कंपाइल-टॉपलेव्हल :लोड-टॉपलेव्हल :एक्झिक्यूट) …)

तपासणी नेहमी नवे सत्र उघडूनच करा. जुन्या सत्रात फंक्शन आधीपासून हजर असते आणि चूक झाकली जाते. फंक्शनमध्ये तात्पुरता प्रिंट घाला: संदेश कंपाइल होताना दिसावा, तयार फाइल लोड करताना दिसू नये.

सूत्रात वापरकर्त्याने दिलेली संख्या किंवा लेटमधले (तात्पुरती नावे देणाऱ्या आज्ञेतले) चल चालणार नाही. कंपाइल होताना त्यांना किंमतच नसते. आणि मिळालेली यादी कोडचाच भाग असल्याने तिच्यात बदल करू नका. सॉर्ट मूळ यादीच मोडतो, म्हणून त्याच्या हाती देण्याआधी कॉपी-लिस्ट करून घ्या.