जुना मुद्देमाल उघडताना या चुका टाळा

वीस वर्षं टिकलेला रक्ताचा डाग पाकीट उघडल्यावर दहा मिनिटांत वाया जाऊ शकतो. बंद पडलेल्या खुनाच्या तपासात सगळ्यात जास्त घात इथेच होतो.

बडोद्यात तर आधी हवेचा विचार करा. श्रावण-भाद्रपदात एसी खोलीतलं किंवा फ्रिजमधलं पाकीट काढून लगेच फोडलं, तर गार कापडावर दव धरतं. ते खोलीच्या तापमानाला आल्यावरच उघडा. २०२४च्या ऑगस्टमधल्या विश्वामित्रीच्या पुरासारख्या पाण्यात भिजलेलं सामान उन्हात किंवा हीटरसमोर वाळवू नका. सावलीत, प्रत्येक वस्तू वेगळ्या कोऱ्या कागदावर वाळवा आणि परत कागदी पाकिटातच भरा. पॉलिथिनमध्ये ओल अडकते, बुरशी येते, जिवाणू डीएनए खाऊन टाकतात.

जुन्या लाखेच्या मोहोरेवरून कात्री फिरवू नका, कोर्टात पहिला प्रश्न तिचाच येतो. मोजपट्टी ठेवून मोहोर, सह्या आणि गुन्हा क्रमांक यांचे फोटो घ्या, मग दुसऱ्या बाजूने कापा. टेबल एक भाग ब्लीच आणि नऊ भाग पाणी अशा ताज्या द्रावणाने पुसा, दहा मिनिटं थांबा, मग डिस्टिल्ड वॉटरने पुन्हा पुसा. ब्लीच मागे राहिलं तर ते पुराव्यातला डीएनएही मारतं. मृताचे आणि संशयिताचे कपडे एका टेबलावर एका बैठकीत उघडायचे नाहीत, हातमोजे बदलले तरीही.

प्राथमिक रक्तचाचणी थेट डागावर करू नका. फिल्टर पेपर डागाच्या कडेला हलकेच घासा, आधी फिनॉल्फ्थॅलिनचं द्रावण टाका, मग हायड्रोजन पेरॉक्साइड. पेरॉक्साइडआधीच गुलाबी रंग आला तर तो रक्ताचा नाही, एखादं ऑक्सिडीकारक रसायन तिथे आहे. उशिरा येणारा रंगही धरू नका. आणि चाचणी नकारात्मक आली म्हणून वस्तू बाजूला टाकू नका. जुना डाग फिका पडलेला असतो.

डाग पूर्ण कापून घेणं हा घाईचा प्रकार. अर्धा राखा, बचाव पक्षही फेरतपासणी मागू शकतो. शेजारचं डाग नसलेलं कापडही तुलनेला घ्या. कठीण पृष्ठभागावर आधी ओला, मग कोरडा स्वॅब (नमुना टिपायची कापसाची काडी) फिरवा, दोन्ही वाळवून एकत्र पाठवा.

मूळ नसलेल्या केसाकडून नेहमीच्या एसटीआर प्रोफाइलची (डीएनएतल्या पुन्हा पुन्हा येणाऱ्या तुकड्यांवरून माणूस ओळखण्याची पद्धत) अपेक्षा करू नका, तिथे मायटोकॉन्ड्रियल डीएनए (आईकडून येणारा, पेशीकेंद्राबाहेरचा डीएनए) बघावा लागतो. डीएनएसाठी फॉर्मलिनमध्ये (शरीराचे तुकडे टिकवायचं रसायन) ठेवलेल्या ऊतीपेक्षा मांडीच्या हाडाचा मधला भाग किंवा न किडलेली दाढ बरी.

प्रोफाइलमध्ये अनोळखी माणूस दिसला की लगेच आरोपी सापडला असं समजू नका. हातमोज्यांची सवय नव्हती त्या काळात पाकीट कारकून, पंच, डॉक्टर अशा बऱ्याच जणांनी हाताळलेलं असतं. रजिस्टरमधून नावं काढून, निवृत्त झालेल्यांकडूनही संमतीने लाळेचे नमुने मागवा आणि ती प्रोफाइल आधी वगळा.