मांगातली आई ओळखायची कशी?

आई आणि थोरली मुलगी शेजारीशेजारी उभ्या असल्या की मांगाचा, म्हणजे जपानी चित्रकथांचा, नवा वाचक गोंधळतो. दोघींचे डोळे टपोरे, हनुवटी निमुळती. तिशीतल्या बाईला सुरकुती बहुधा मिळतच नाही. म्हणून मी चेहरा सोडून आधी हात बघते. अंगात एप्रन, हातात डबा किंवा वाळत घालायचे कपडे असले, की बहुतेक आईच. पुढे खांद्यावर घेतलेली सैल वेणी दिसली की मात्र मला धडकी भरते; अशी आई कथेत पुष्कळदा आधीच वारलेली असते, फक्त जुन्या आठवणींच्या चौकटीत भेटते!

मग हाका ऐका. जपानी घरात नाती सहसा धाकट्या मुलाच्या बाजूने लावतात. नवऱ्याने बायकोला 'ओकासान', म्हणजे आई, म्हटलं तर दचकू नका.

सरावाला 'क्रेयॉन शिन-चान' घ्या. आई मिसाए २९ वर्षांची, मुलगा शिन्नोसुके ५ वर्षांचा. ती आरडाओरडा करते, त्याच्या डोक्याला मुठी चोळते, बस चुकली की त्याला सायकलवर बालवाडीत पोचवते. सोज्वळ आईपेक्षा मला हीच खरी वाटते.

१९४६ साली सुरू झालेली 'साझाए-सान' वाचताना मात्र कागदावर वंशावळ काढाच. साझाए नवरा-मुलासह माहेरच्यांसोबत राहते. तिचा भाऊ कात्सुओ अजून शाळकरी, त्यामुळे साझाएचा छोटा मुलगा तारा मामालाच दादा म्हणतो. आजी फुने कोणाची आई हे एकदा लिहून ठेवलंत, की पुढची पानं भराभर उलगडतात.