कुंडीत वेखंड लावताना

वेखंड ही दलदलीत वाढणारी वनस्पती असल्याने तिला पाण्याचा निचरा नव्हे, तर सतत ओलावा हवा असतो. म्हणून तळाला भोक नसलेले पसरट घमेले किंवा जुना टब घ्यावा. पावसाळ्याच्या आरंभी डोळा असलेले कंदाचे तुकडे चिखलमातीत सुमारे 30 सेंटिमीटर अंतरावर आडवे, उथळ लावावेत आणि माती कधीही सुकू देऊ नये. पाने चुरडली की येणारा उग्र, गोडसर वास हीच ओळखीची खूण, कारण पात्यांवरून वेखंड इतर पाणगवतांसारखेच दिसते.

साधारण वर्षभराने पाने पिवळी पडू लागली, की कंद उपटून, मुळ्या काढून, धुऊन, तुकडे करून सावलीत वाळवावेत. कपड्यांच्या कपाटात आणि पुस्तकांत कसर लागू नये म्हणून हे तुकडे ठेवण्याची जुनी रीत मला आजही सर्वांत उपयुक्त वाटते. बाळगुटीत वेखंड सहाणेवर उगाळून देण्याची परंपरा घरोघरी आहे. परंतु कंदातील बीटा-असारोन या अपायकारक मानल्या गेलेल्या घटकामुळे अमेरिकेत 1968 मध्ये खाद्यपदार्थांत त्याच्या वापरावर बंदी आली, म्हणून तान्ह्या बाळाला किंवा गर्भवतीला ते वैद्यकीय सल्ल्याविना मुळीच देऊ नये.