कंट्रोलरचा दिवा गेममधल्या घडामोडींशी कसा जोडावा

गेम कंट्रोलरवरचा दिवा बहुतेकांच्या लेखी निव्वळ शोभेचा. कंट्रोलर जोडला की निळा लागतो, चार्जिंगला लावला की वेगळा दिसतो, आणि मग त्याच्याकडे कोणी बघत नाही. हाच दिवा गाडीचं इंजिन तापायला लागलं की लाल होऊ शकतो, किंवा जीव थोडा उरला की लुकलुकायला लागतो.

दिव्याचा रंग बदलणं हा यातला सोपा भाग. अडतं ते दुसरीकडेच: गेममध्ये आत्ता काय झालं, ही खबर दिव्यापर्यंत कोणी पोचवायची? ती खुद्द गेम देऊ शकतो, तुम्ही दाबलेलं बटण देऊ शकतं, किंवा गेम बाहेर पाठवत असलेल्या आकड्यांतून ती काढता येते. यापैकी तुमच्या गेमला काय लागू पडतं ते आधी ठरवा. नाहीतर चार प्रोग्रॅम बसवूनही दिवा ढिम्म निळाच राहील.

कंट्रोलर कोणता आहे ते बघा

प्लेस्टेशनचा ड्युअलशॉक ४ (२०१३) आणि ड्युअलसेन्स (२०२०) या दोन्हींत लाल, हिरवा, निळा अशा तीन घटकांचा दिवा आहे. प्रत्येक घटकाला ० ते २५५ मधला आकडा द्यायचा, की हवा तो रंग मिळतो. ड्युअलसेन्सवर हा उजेड टचपॅडच्या दोन्ही कडांना दिसतो. खालचे पाच पांढरे ठिपके वेगळे, ते खेळाडूचा क्रमांक दाखवतात. एक्सबॉक्सच्या साध्या कंट्रोलरवर मधलं बटण पांढरं उजळतं आणि फक्त कमी-जास्त करता येतं. स्विचच्या जॉय-कॉनवर हिरवे ठिपके आहेत, रंग नाहीत. म्हणून पुढचं सगळं प्लेस्टेशनच्या या दोन कंट्रोलरांबद्दल आहे.

एक गोष्ट आधीच सांगतो. ड्युअलशॉक ४ च्या सुरुवातीच्या मॉडेलचा दिवा टीव्हीच्या दिशेला असतो, खेळणाऱ्याला दिसतच नाही. २०१६ च्या सुधारित मॉडेलमध्ये टचपॅडच्या वरच्या कडेला एक बारीक पट्टी उजळते. जुनं मॉडेल असेल तर एवढा खटाटोप अंधाऱ्या खोलीत भिंतीवर पडणाऱ्या उजेडापुरताच.

पायरी १: गेम स्वतःच हे करतो का?

बरेच गेम करतात. प्लेस्टेशन ४ वरच्या ग्रँड थेफ्ट ऑटो ५ मध्ये पोलीस मागे लागले की दिवा लाल-निळा होऊ लागतो. द लास्ट ऑफ अस रीमास्टर्डमध्ये जीव कमी होत जातो तसा रंग बदलतो. कंसोलवर यासाठी काहीच जोडावं लागत नाही. दिवा फिका वाटत असेल तर सेटिंग्जमध्ये कंट्रोलरच्या विभागात प्रखरता वाढवा; हा विभाग प्लेस्टेशन ४ वर डिव्हाइसेसखाली आणि प्लेस्टेशन ५ वर अ‍ॅक्सेसरीजखाली असतो. आणि गेम काहीच सांगत नसेल तर प्लेस्टेशन ४ फक्त खेळाडूचा रंग दाखवतो: पहिला निळा, दुसरा लाल, तिसरा हिरवा, चौथा गुलाबी. तो लाल रंग बघून आपला गेम काहीतरी इशारा देतोय असं समजू नका.

संगणकावर मात्र मध्ये एक दुभाष्या असतो आणि बहुतेकांचं घोडं तिथंच अडतं. स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानाच्या प्रोग्रॅममधली स्टीम इनपुट ही कंट्रोलर जुळवून देणारी सोय चालू असेल तर पुष्कळ गेमना तुमचा ड्युअलसेन्स एक्सबॉक्सचा कंट्रोलर म्हणून दाखवला जातो. त्या कंट्रोलरला रंगीत दिवाच नसल्यामुळे गेम रंगाची आज्ञा पाठवतच नाही. गेमला प्लेस्टेशनच्या कंट्रोलरची थेट सोय असेल तर असं करा:

१. स्टीमच्या लायब्ररीत गेमवर उजवं क्लिक करून प्रॉपर्टीज उघडा, कंट्रोलर विभागात जा आणि त्या गेमपुरतं स्टीम इनपुट बंद करा.

२. डीएस४विंडोजसारखा, प्लेस्टेशनचा कंट्रोलर विंडोजवर चालवून देणारा प्रोग्रॅम चालू असेल तर तो पूर्ण बंद करा. तो लागणारच असेल तर त्याच्या प्रोफाइलमध्ये एक्सबॉक्सऐवजी ड्युअलशॉक ४ ची नक्कल निवडा आणि दिव्याचा मोड 'पासथ्रू' ठेवा. मग गेमने पाठवलेला रंग तसाच पुढे जातो.

३. कंट्रोलर केबलने जोडून गेम पुन्हा सुरू करा. ब्लूटूथवर नंतर करून बघता येईल.

पायरी २: बटणाला रंग बांधा

गेम काही सांगत नसेल तर हा स्वस्तातला उपाय. स्टीम इनपुट चालू ठेवा, गेमचा कंट्रोलर लेआउट उघडा, आणि एखाद्या बटणाला नेहमीच्या कामासोबत कंट्रोलरच्या दिव्याचा रंग बदलण्याची आज्ञाही जोडा. नेम धरायचं बटण दाबलं की लाल, सोडलं की पांढरा, असं सहज होतं.

पण यात गेममध्ये काय झालं हे कोणालाच कळत नाही, फक्त तुमचं बोट कळतं. बंदुकीत गोळ्या नसल्या तरी दिवा लालच होणार. गाडी चालवणं, पायी फिरणं, नकाशा बघणं अशा वेगवेगळ्या अवस्थांसाठी वेगळे अ‍ॅक्शन सेट (बटणांच्या कामांचे संच) केले असतील, तर प्रत्येकाला रंग देण्यापुरती ही पद्धत उत्तम आहे. त्यापलीकडे तिच्या मागे लागू नका.

पायरी ३: गेमकडून आकडे घ्या

खरी मजा इथं आहे. रेसिंगचे पुष्कळ गेम गाडीची माहिती दर क्षणाला नेटवर्कवरून बाहेर सोडतात. मुळात ती सोय हलत्या खुर्च्या आणि डॅशबोर्डच्या पडद्यांसाठी केलेली, पण दिव्यालाही चालते. फॉर्झा होरायझन ५ घेऊन गिअर बदलायचा इशारा देणारा दिवा बनवू.

गेमच्या सेटिंग्जमध्ये एचयूडी आणि गेमप्लेच्या पानावर अगदी खाली 'डेटा आउट' सापडेल. ते चालू करा. पत्ता १२७.०.०.१ द्या, म्हणजे माहिती याच संगणकावर येईल. पोर्ट, म्हणजे माहिती संगणकात ज्या दारातून येते त्याचा क्रमांक, म्हणून ९९९९ सारखा मोकळा आकडा टाका.

दिव्याच्या बाजूला डीएसएक्स हा प्रोग्रॅम वापरा. तो ड्युअलसेन्स सांभाळतो आणि दुसऱ्या प्रोग्रॅमकडून यूडीपीने (नेटवर्कवरून छोटे निरोप पाठवायच्या पद्धतीने) आलेल्या रंगाच्या आज्ञाही ऐकतो. त्याच्या सेटिंग्जमध्ये यूडीपी चालू करा. नेहमीचा पोर्ट ६९६९ असतो. आज्ञा जेसन (नाव आणि त्याची किंमत अशा जोड्या लिहायची पद्धत) स्वरूपातल्या साध्या मजकुराची: कितवा कंट्रोलर, आणि लाल, हिरवा, निळा यांचे तीन आकडे. फॉर्झासाठी लोकांनी केलेले तयार प्रोग्रॅम मिळतात, पण स्वतःची स्क्रिप्ट, म्हणजे छोटा प्रोग्रॅम, लिहिलीत तर रंग कधी बदलायचा हे तुमच्या हातात राहतं. पायथन या प्रोग्रॅमिंगच्या भाषेत त्यासाठी वेगळं काही उतरवून घ्यावं लागत नाही. सॉकेट, स्ट्रक्ट आणि जेसन ही तीन मॉड्यूल त्याच्यासोबतच येतात.

स्क्रिप्टने करायचं ते असं. ९९९९ वर कान लावून बसायचं. आलेल्या प्रत्येक पाकिटातले पहिले चार बाइट सांगतात की शर्यत चालू आहे की नाही. ० असेल तर तुम्ही मेनूत आहात, तेव्हा मंद पांढरा रंग पाठवून मोकळं व्हा. पुढचे चार बाइट वेळेचे, ते सोडून द्या. मग प्रत्येकी चार बाइटांचे तीन दशांश आकडे ओळीने येतात: इंजिनचे कमाल फेरे, सुस्त चालतानाचे फेरे आणि आत्ताचे फेरे. आत्ताच्या फेऱ्यांतून सुस्त फेरे वजा करा आणि कमाल व सुस्त यांच्यातल्या फरकाने भागा. कमाल ७५००, सुस्त ९०० आणि आत्ता ६८४० असतील तर ५९४० भागिले ६६००, म्हणजे ०.९.

आता रंग ठरवा. ०.७ पर्यंत हिरवा, तिथून ०.९ पर्यंत पिवळा, पुढे लाल, अशी सुरुवात करून पाहा. गिअर बदलायचा क्षण गाडीगणिक वेगळा असतो, तेव्हा दोन-तीन गाड्या पळवून हे आकडे हलवावे लागतील.

सगळं एकदम जोडू नका. आधी फक्त आकडे पडद्यावर छापून बघा. अ‍ॅक्सिलरेटर दाबल्यावर ते चढायला हवेत. मग गेम बंद ठेवून डीएसएक्सला एकच जांभळा रंग पाठवा. दोन्ही टोकं वेगवेगळी चालली, तर मधला सांधा लगेच जुळतो.

फॉर्झा कंसोलवर खेळत असाल तर संगणकाचा पत्ता देऊन माहिती संगणकावर आणता येते, पण कंट्रोलर कंसोलच्या ताब्यात असतो. दिव्यासाठी त्याचा उपयोग शून्य.

डोळ्यांना बरं दिसावं म्हणून

फेरे ०.९ च्या आसपास घुटमळले की दिवा लाल-पिवळा-लाल असा थरथरतो. उपाय सोपा: ०.९ ला लाल करा, पण पुन्हा पिवळा करायला ०.८६ च्या खाली येण्याची वाट बघा. माहिती सेकंदाला सुमारे साठ वेळा येते. प्रत्येक वेळी आज्ञा पाठवू नका, रंग बदलला तरच पाठवा.

एलईडीला १२८ दिलं म्हणून उजेड निम्मा दिसत नाही, बराच जास्त दिसतो. मंद दिवा हवा असेल तर ३० ते ४० पासून वर जा. पिवळ्यासाठी लाल आणि हिरवा दोन्ही २५५ ठेवलेत तर तो हिरवट वाटतो. हिरवा १२० च्या आसपास आणा.

लाल-हिरव्यातला फरक न कळणारे खेळाडू कमी नाहीत. त्यांच्यासाठी मंद निळा आणि प्रखर पांढरा अशी जोडी ठेवा. लुकलुक करायचीच असेल तर सेकंदाला तीनपेक्षा जास्त वेळा नको. झटझट चमकणाऱ्या उजेडाने काही जणांना फिट येऊ शकते, आणि वेबच्या सुलभतेचे नियमही हीच मर्यादा सांगतात.

दिवा ऐकत नसेल तर

रंग क्षणभर बदलून परत निळा होत असेल, तर दोन प्रोग्रॅम एकाच दिव्यावर लिहिताहेत. स्टीम, डीएस४विंडोज आणि डीएसएक्स यांपैकी दिवा एकाकडेच असावा. रंग मुळीच बदलत नसेल तर केबल बदलून पाहा. काही केबली फक्त चार्जिंगच्या असतात, त्यांतून माहिती जातच नाही. केबलवर चालतं पण ब्लूटूथवर नाही, असं असेल तर स्क्रिप्टला दोष देऊ नका. ब्लूटूथवरच्या आज्ञेची मांडणी वेगळी असते आणि तिच्या शेवटी पडताळणीचा आकडा लागतो. ते काम डीएसएक्सचं आहे, तेव्हा त्याची नवी आवृत्ती घ्या.

जे गेम बाहेर काहीच पाठवत नाहीत त्यांच्यासाठी गेमची मेमरी वाचणारे प्रोग्रॅम सापडतात. एकट्याने ऑफलाइन खेळताना काय ते तुमचं तुम्ही ठरवा, पण ऑनलाइन सामन्यात त्यांना हात लावू नका. फसवणूक पकडणारी यंत्रणा तुमचा हेतू विचारत नाही, आणि दिव्याच्या हौसेपायी खातं बंद होऊ शकतं.

बॅटरीचंही बघा. ड्युअलशॉक ४ ची १००० एमएएच, ड्युअलसेन्सची १५६० एमएएच. प्रखर पांढऱ्यात तिन्ही घटक पेटतात, म्हणून बिनतारी खेळताना मेनूतला रंग मंदच ठेवा.