खुनाच्या गुन्ह्यात जामीन : अर्ज कधी, कुठे आणि कशाच्या जोरावर

खुनाच्या आरोपात अटक झाली की घरचे आधी मॅजिस्ट्रेट कोर्टात धावतात. ती धाव बहुतेक वाया जाते. भारतीय न्याय संहितेच्या कलम 103 ला (1 जुलै 2024 आधीची घटना असेल तर जुन्या भारतीय दंड संहितेचं 302) फाशी किंवा जन्मठेप आहे, त्यामुळे मॅजिस्ट्रेटला फारसा अधिकार उरत नाही. आरोपी स्त्री, आजारी किंवा अशक्त असेल, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (बीएनएसएस) कलम 480 खाली तिथे विचार होतो. एरवी कलम 483 खाली सेशन्स कोर्ट आणि तिथे अर्ज फेटाळला तर हायकोर्ट. निम्मी शिक्षा कच्च्या कैदेत काढली की सुटका, हा कलम 479 चा नियम इथे चालत नाही.

मात्र एक अर्ज मॅजिस्ट्रेटकडेच करायचा आणि त्याची तारीख कॅलेंडरवर ठळक लिहून ठेवायची. 90 दिवसांत दोषारोपपत्र (चार्जशीट) आलं नाही, तर बीएनएसएसच्या कलम 187(3) खाली जामीन हा हक्क होतो. पुरावा किती भक्कम, हे तेव्हा कोर्ट बघत नाही. मोजणी अटकेपासून नाही, पहिल्या रिमांडच्या (कोर्टाने कोठडी दिली त्या) दिवसापासून होते आणि तो दिवसही धरायचा, असं सुप्रीम कोर्टाने 2023 मध्ये ठरवलं. पहिला रिमांड 1 जानेवारी 2025 चा असेल, तर 31 मार्च हा नव्वदावा दिवस. 1 एप्रिलला कोर्ट उघडताच अर्ज पडला पाहिजे. दुपारी करू म्हटलं आणि त्याआधी चार्जशीट दाखल झालं, की हक्क गेला. हक्क आपोआप मिळत नाही, मागावा लागतो.

चार्जशीटआधी नियमित जामिनाची, म्हणजे पुराव्याच्या जोरावर मागायच्या जामिनाची, घाई शक्यतो नको. ‘हत्यार जप्त व्हायचंय, जबाब बाकी आहेत’ एवढ्यावर सरकारी पक्षाचं काम भागतं. फिर्यादीत नावच नसेल, नुसत्या संशयावर उचललं असेल, तर गोष्ट वेगळी.

चार्जशीट हाती आलं की खरं काम. पाच आरोपी असतील तर आपल्या माणसापुरता एक कागद वेगळा काढा. फिर्यादीत त्याचं नाव पहिल्याच दिवशी आलं की पुरवणी जबाबात? त्याच्या हातात काय होतं, मारलं कुठे? मग शवविच्छेदन अहवाल शेजारी ठेवा. साक्षीदार म्हणतो दांडक्याने पाठीवर मारलं, मृत्यूचं कारण आहे डोक्यावरचा कोयत्याचा घाव, आणि पाठीवर वळसुद्धा नाही. असा अर्ज उभा राहतो. न्याय संहितेचं कलम 3(5) (समान इरादा) किंवा 190 (बेकायदेशीर जमाव) लावून सरकारी पक्ष सगळ्यांना एकाच माळेत ओवतो, त्याला उत्तर याच तपशिलातून मिळतं. प्रत्यक्षदर्शी नसेल तर मेमोरंडम पंचनामा (आरोपीच्या सांगण्यावरून वस्तू जप्त केल्याची नोंद) बघा: पोलिसांसमोरची कबुली पुरावा नाही, वस्तू ज्यामुळे सापडली तेवढाच भाग चालतो. पण जबाबांतली प्रत्येक विसंगती काढत बसू नका. ती उलटतपासणीची शिदोरी आहे. जामिनाला कोर्ट प्रथमदर्शनी चित्र बघतं.

सहआरोपी सुटला म्हणून आपणही सुटू, हा भरवसा फसवा. भूमिका जुळावी लागते. 2014 च्या नीरू यादव प्रकरणात आरोपीची गुन्हेगारी पार्श्वभूमी न बघता समानतेवर दिलेला जामीन सुप्रीम कोर्टाने रद्द केला. म्हणून जुने गुन्हे लपवू नयेत, त्यांचा निकाल काय लागला ते जोडावं. आधीचे जामीन अर्जही नमूद करावेच लागतात.

खटला रखडला असेल तर रोजनाम्याच्या (कोर्टातल्या तारीखवार नोंदींच्या) नकला काढा. आरोप कधी निश्चित झाले, किती साक्षीदार तपासले, तारखा कोणी मागितल्या. आपल्याच वकिलांचे मुदतीचे अर्ज त्यात दिसले तर हा मुद्दा अंगाशी येतो.

सरकारी वकिलांना नोटीस गेल्यावर सरकारचं आणि तपास अधिकाऱ्यांचं म्हणणं येतं. मृताच्या कुटुंबालाही बाजू मांडता येते. साक्षीदार शेजारच्याच गल्लीत असतील, तर खटला संपेपर्यंत दुसऱ्या तालुक्यात राहण्याचा पत्ता आपणच अर्जात द्यावा. दबावाच्या आक्षेपाला तेच चांगलं उत्तर.

आदेश झाला म्हणजे सुटका झाली असं नाही. जामीनदाराचा सातबारा किंवा घरपट्टीची पावती, ओळखपत्र, फोटो आधीच तयार ठेवा. जामीनदार मिळतच नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. महिनाभरात हमी देता आली नाही, तर अट सौम्य करण्याचा विचार कोर्टाने स्वतःहून करावा, असे सुप्रीम कोर्टाचे 2023 चे निर्देश आहेत.