घराशेजारी रेड गम असेल तर

मेलबर्नच्या उत्तरेला साउथ मोरांग, मर्न्डा, डोरीन, वॉलर्ट या पट्ट्यात आपली मंडळी धडाधड घरं घेतायत. तिथे एकसारख्या नव्या घरांच्या मधोमध एखादं अवाढव्य, वेडंवाकडं, अर्धवट वाळल्यासारखं झाड राखून ठेवलेलं असतं. घर बघायला आलेल्यांचा प्रश्न ठरलेला: "हे पाडत का नाहीत?" ते रिव्हर रेड गम, आपल्या निलगिरीच्याच कुळातलं. मेलबर्न वसलं १८३५ मध्ये. यातली कित्येक झाडं त्याच्याही आधीची आहेत. त्याच्या शेजारी खुशाल राहा, फक्त त्याच्या सवयी आधी समजून घ्या.

सगळ्यात महत्त्वाची सवय फांद्या टाकण्याची. जानेवारीतली दुपार, पारा चाळिशीपार, वाऱ्याचा पत्ता नाही, आणि अशा वेळी माणसाच्या कमरेएवढी जाड फांदी काडकन मोडून खाली येते. हिरवीगार, पानांसकट. फांद्या वादळातच पडतात हा समज इथे उतरल्यावर सोडून द्यायचा. या झाडाखाली गाडी लावू नका, पोरांचा झोका बांधू नका, नदीकाठी तंबू ठोकाल तर फांद्यांच्या घेराबाहेर. सावलीच्या मोहानेही जाऊ नका, कारण ती तशी विरळच असते. पानं उभी लोंबतात, दुपारचं ऊन त्यांच्यामधून थेट जमिनीवर येतं. वादळात फांदी घरावर आलीच तर एसईएसचा, म्हणजे इथल्या आपत्कालीन मदत सेवेचा, नंबर १३२ ५०० फोनमध्ये असू द्या.

उन्हाळा सरता सरता खोडाची साल पट्ट्यापट्ट्यांनी सुटते आणि खाली करडे, मळकट पांढरे, फिकट तांबूस डाग उघडे पडतात. नव्या माणसाला वाटतं झाडाला रोग लागला. काही झालेलं नसतं. पण ती साल आणि पानं पन्हाळीत साचून वाळतात, तेव्हा आगीचा मोसम लागण्याआधी, साधारण नोव्हेंबरात, पन्हाळी साफ करून घ्या.

"निलगिरी पाणी शोषते" हे आपण बांधावरच्या लागवडीमुळे ऐकत आलोय. इथे ती आपल्या मूळ गावी आहे, त्यामुळे हिशेब वेगळा. मरे नदीकाठी बार्माला रेड गमचं सगळ्यात मोठं जंगल आहे, २०१० पासून राष्ट्रीय उद्यान. पूर आला की तिथली झाडं महिनोन् महिने पाण्यात उभी असतात. पूर ओसरला की ओल्या गाळात त्यांचं बारीक बी रुजतं. दुष्काळ पडला की झाड पानं गाळून पाण्याचा खर्च कमी करतं. धरणांनी नदीचे पूर अडवले, त्यावर २००० च्या आगेमागे लांबलेला दुष्काळ पडला, आणि मरेकाठची असंख्य झाडं वाळली.

तुमच्या अंगणापुरतं एवढं मोजा. छातीच्या उंचीवर खोडाची जाडी (घेर नव्हे, व्यास) किती ते पाहा आणि त्याच्या बारा पट अंतर मुळांसाठी सोडा. जाडी १ मीटर, तर खोडापासून चहूकडे १२ मीटर. तेवढ्या जागेत काँक्रीट ओतणं, मातीचा भराव टाकणं, बांधकामाचं सामान रचणं नको. झाड लगेच मरत नाही, पाच-दहा वर्षं खंगत राहतं, आणि मग फांद्या जास्तच टाकतं.

वाळक्या फांद्या "स्वच्छ" करून टाकायची आपल्याला भारी हौस. थांबा. ढोली तयार व्हायला शंभरावर वर्षं लागतात आणि त्यात पोपट, पॉसम, वटवाघळं राहतात. वसंतात सकाळी ढोलीकडे नजर ठेवा. गलाह, म्हणजे गुलाबी छातीचा करड्या पाठीचा काकाकुवा, चोचीत निलगिरीची पालेदार डहाळी धरून येतो, ढोलीच्या तोंडाशी उलटासुलटा होतो आणि ती आत कोंबतो. घरट्याला पानांचं अस्तर! जोडीदारीण बाजूच्या फांदीवर बसून ढोलीभोवतालची साल कुरतडत असते.

बॉक्सिंग डे टेस्टला एमसीजीवर जालच, तेव्हा बाहेरच्या यारा पार्कमध्ये जुन्या रेड गमच्या खोडावरचा लांबोळका व्रण बघा. इथल्या आदिवासींनी साल अखंड सोलून काढल्याची ती खूण. या सालीच्या होड्या आणि परड्या होत. असा व्रण तुमच्या जागेतल्या झाडावर दिसला तर हात लावू नका, २००६ च्या कायद्याने त्याला संरक्षण आहे.

साधं झाड असलं तरी तोडण्या-छाटण्याच्या परवानगीचं आधी बघा. घर घेताना विकणारा सेक्शन ३२ नावाचा माहितीचा कागद देतो, त्यात जागेवर कुठला ओव्हरले, म्हणजे नियोजनाचं जादा बंधन, आहे ते लिहिलेलं असतं. एजंट "काही प्रॉब्लेम नाही" म्हणाला तरी काउन्सिलला स्वतः विचारा. छाटणी करायचीच तर शिकलेला आर्बरिस्ट, म्हणजे झाडांचा जाणकार, बोलवा. करवत घेऊन दारोदार फिरणारे स्वस्तात पडतात, पण झाडाचं वाटोळं करतात. घरासमोरच्या नेचर स्ट्रिपवरचं, म्हणजे रस्त्याकडेच्या हिरवळीच्या पट्टीवरचं, झाड तर काउन्सिलचंच, त्याला हात लावायचाच नाही.

हौस म्हणून स्वतः लावायचं असेल तर छोट्या प्लॉटवर रेड गम अजिबात नको. नर्सरीत युकी ड्वार्फ मागा. यलो गमची ही बुटकी जात पाच-सहा मीटरवर थांबते, फुलं गुलाबी येतात आणि लोरिकीट पोपट त्यांवर तुटून पडतात. कढीपत्ता मात्र कुठल्याच गमखाली जमिनीत लावू नका, मुळांपुढे त्याचा टिकाव लागत नाही. तो कुंडीत, उत्तरेकडे तोंड असलेल्या भिंतीशी ठेवा, कारण इथे सूर्य उत्तरेकडून जातो. जून-जुलैत रात्री आत घ्या.