झुकिनी बेकचं पाणी असं थांबवलं (माझा अनुभव)

मंडईत पिवळी झुकिनी मस्त कोवळी मिळाली म्हणून पुलावासोबत साईड डिश म्हणून दोनदा बेक केली, पण दोन्ही वेळा ओव्हनमधून काढली की तळाशी नुसतं पाणी आणि चीज त्यात तरंगतंय, इतकं वाईट वाटलं ना. हिच्यात साधारण 95 टक्के पाणीच असतं, दुधी-काकडीच्याच कुळातली, मग सुचलं की कोशिंबिरीची काकडी जशी मीठ लावून पिळतो तसंच करून बघू.

अर्धा किलोच्या जरा जाड चकत्या, एक चमचा मीठ, अर्धा तास चाळणीत. खाली चक्क अर्धी वाटी पाणी! मग सुती पंच्यात घट्ट पिळून कांद्यासोबत बटरवर मोठ्या आचेवर परतली, झाकण अजिबात ठेवायचं नाही, वाफेचं पाणी परत आत पडतं. त्यात एक अंडं, किसलेलं चीज, मिरपूड, मीठ परत नको. वर बटरमध्ये कालवलेला टोस्टचा जाडसर चुरा. 180 डिग्रीला 25 मिनिटं, वरून बदामी होईपर्यंत. काढल्यावर दहा मिनिटं हात लावू नका, तेव्हाच ते नीट आळतं.

आईने सुरीने तुकडा कापला तर अख्खा उचलला गेला, खाली ताट कोरडं. "आत्ता जमलं गं तुला," म्हणाली.